धाबेशकाचं चौथं वर्ष

माझं एक राज्य होतं आणि त्या राज्याचा स्वतःचा शक होता, असं मी सांगितलं की नातवंडं फिदीफिदी हसतात. हसू द्या. त्यांच्या भिंतीवर आयतं कॅलेंडर लटकलेलं असतं. आम्हाला आमचं आम्हीच करावं लागलं.

आमचं गाव दुसरबीडपासून अडीच कोसांवर. घर धाब्याचं, म्हणजे वर सपाट मातीचं छत. राज्य त्या धाब्यावर होतं आणि प्रजा दोन माणसांची, मी आणि माझी चुलत बहीण. महाराष्ट्र नुकताच झाला होता. गुरुजी उठता-बसता नव्या राज्याचं सांगायचे, तेव्हा आम्ही म्हटलं, मग आपलंही एक होऊन जाऊ द्या! दर उन्हाळ्याच्या शेवटी धाब्यावर खारी माती कालवून नवा थर द्यावा लागे, नाहीतर पावसाळाभर घर गळणार. ज्या दिवशी ही माती पडेल तो आमचा पाडवा, आणि वर्ष धाबेशकाचं. महिना वीस दिवसांचा, कारण हातापायांची बोटं तिथंच संपतात. महिन्यांची नावं चिखल्या, बोंडं, हुरडा, फुफाटा अशी. महिन्यातून एकदा 'नुसता वार' यायचा, आणि त्या दिवशी कुठल्याही बाईनं पाणी भरायचं नाही. माझी माय ते ऐकून म्हणाली, "हा वार कोन्या पंचांगात येते? मले सांगजो, मी तिकडंच राहाले जातो."

पाडव्याचा रिवाज मात्र कडक होता. ज्यानं सगळ्यात जास्त टोपल्या माती शिडीवरून वर चढवली, त्यानं तळहातावर ओली माती थापून धाब्यावर पडलेल्या मातीच्या ढिगावर बसायचं आणि मनातलं बोलायचं. हातावरची माती वाळून तडकेपर्यंत बाकीच्यांनी हूं की चूं करायचं नाही.

दुसऱ्या वर्षी आम्ही माझ्या वडिलांनाच प्रजा करून घेतलं. ते वर माती चोपत होते. आम्ही त्यांचा हात मातीवर ठेवून राज्याचा कायदा पाळण्याची शपथ घ्यायला लावली आणि त्यांनीही हसत हसत घेतली. फसले बिचारे! त्या वर्षी सगळ्यात जास्त टोपल्या मायनं चढवल्या. माती तडकेपर्यंत तिनं त्यांच्या विड्यांचा असा उद्धार केला की ऐकणाऱ्याला घाम फुटावा. वडील एक अक्षर बोलले नाहीत. उतरताना एवढंच म्हणाले, "कायदा लय कडक केला बाप्पा या पोट्टीईनं!" पण शपथ ती शपथ. पुढच्या पाडव्यालाही ते आपणहून येऊन बसले.

चौथ्या वर्षी मी सातवी पास झाले, वर्गात पहिली. गावातली शाळा तिथंच संपत होती. आठवी दुसरबीडला. वडील म्हणाले, "झालं तेवढं बस झालं."

"काऊन?"

"काऊन म्हंजे? नाई म्हनलं ना!"

त्यानंतर मी तोंड उघडलं की ते रुमाल झटकून बाहेर निघून जायचे. आठ दिवस हेच. मला इतका संताप यायचा की भाकरी गोड लागेना. माय तर त्या विषयावर चकार शब्द काढत नव्हती, आणि मला तिचाही राग होता. आता माझ्यापाशी एकच जागा उरली होती, मातीचा तो ढीग.

पाडव्याच्या सकाळी मी बहिणीला म्हटलं, "आज मले जिकू दे."

"वा गं वा! दम असंल तं जीक," ती म्हणाली.

तिच्या अंगात माझ्या दुप्पट जोर. पण त्या दिवशी मी इरेला पेटले होते. शिडी चढता-उतरता गुडघे सोलले, डोक्यावरची चुंबळ घामानं भिजली. खाली अंगणातली माती संपली तेव्हा मी एका टोपलीनं पुढं होते! बहीण मटकन खाली बसली, मला एक शिवी हासडली आणि स्वतःच्या हातानं माझ्या तळव्यावर माती थापली.

वडील समोर मांडी घालून बसले. आणि माझं सगळं पाठ केलेलं भाषण कुठं गेलं कोण जाणे. ऊन मी म्हणत होतं, मातीच्या कडा पांढऱ्या पडायला लागल्या, आणि मी नुसती मुसमुसत होते.

शेवटी एकदाचं तोंडातून निघालं, "बाबा, तुमाले पत्र आलं का मलेच वाचाले लावता. सात-बाऱ्याचा कागद मलेच वाचाले लावता. तवा मी पोट्टी नसतो का?"

वडिलांनी बोलायला हात वर केला. माती मधोमध कोरडी दिसत होती, आता तडकणारच.

तेवढ्यात माय उठली. तिनं पिण्याच्या पाण्याचा लोटा उचलला आणि माझ्या तळहातावर धार धरली.

वडील बघतच राहिले. मायनं पदर खोचला. "काय पाह्यता? माती ओली हाय. बोलाचं नाई."

मग मी बोलले! रस्त्याचं बोलले, गावातल्या लोकांच्या तोंडाचं बोलले, गुरुजींनी पाठीवर ठेवलेल्या हाताचं बोलले. माती सुकत आली की माय पाणी घालायची. लोटा संपला तर बहीण धावत खाली जाऊन घागरच घेऊन आली. ऐन उन्हाळ्यातलं पाणी ते, विहिरीतून एक-एक पोहरा शेंदून काढलेलं! दुपार कलली. वडिलांचा चेहरा आधी लाल झाला, मग पडला, आणि मग त्यांना हसू आवरेना. माझ्या राज्याचे तेच पहिले शरण आलेले शत्रू.

"आता तरी हात धू, बाई," ते हात जोडून म्हणाले. "घालतो नाव शाळेत."

मी हात धुतला नाही. आधी विचारलं, "कवा?"

"उद्या."

मग धुतला.