दादाची गाठ

मंडळी, आज सकाळी जिंतूरला आमच्या अंगणातली कपडे वाळवायची दोरी तुटली.

ती दादाची होती, त्याच्या गिर्यारोहणाची. आमच्याकडं चढायला डोंगरकडे कुठले? बाबा आणि दादा शेतातल्या विहिरीत दोर सोडून चढायला शिकले. विद्यापीठाचं नामांतर झालं त्या वर्षी, चौऱ्याण्णवला, दादा हिमालयात गेला. जाताना ही दोरी बांधली. आई म्हणाली, "ही गाठ मला सुटायची न्हाई."

"मी आल्यावर सोडतो की."

तो बर्फातच राहिला.

आज मी खांबावरची गाठ विळ्यानं कापायला गेले, तर आई ओरडली, "हात लावू नको! त्यानं सोडतो म्हणलंय."

शेजारीच नवी दोरी बांधली. माझी गाठ दुपारपर्यंत दोनदा सुटली.

तुमच्यात कुणी गिर्यारोहक असेल, तर दादाची गाठ मारायला शिकवा. सोडायची कशी, ते मात्र सांगू नका.