डाव्या हाताचं माप

थांबा, बाकी सगळं नंतर, हे मला आत्ताच सांगायचंय! नाहीतर दिवसभर काम सुचणार नाही. दहा मिनिटांपूर्वी मोबाईलवर एक फोटो आलाय. फोटोत नुसता एक हात आहे. अंबडच्या एका कंपनीतलं टेबल, हातात मापं घ्यायचा व्हर्निअर, आणि करंगळीशेजारच्या बोटात सोन्याची एक साधी, बिननक्षीची अंगठी. हात डावा. मी पळत जाऊन आईला दाखवला तर ती भाजी चिरता चिरता म्हणाली, "बरं मग?"

बरं मग काय! त्या डाव्या हातासाठी आम्ही दोन महिने काय काय केलंय!

हात माझ्या होणाऱ्या नवऱ्याचा. तो अंबडला क्वालिटीत आहे, म्हणजे दिवसभर पार्ट मोजायचे आणि पास की रिजेक्ट ते सांगायचं. आणि तो डावखुरा आहे. हे दोन्ही लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

आता माझं. मी फ्रेंच शिकले तेव्हा सगळे म्हणायचे, नाशिकमध्ये बसून फ्रेंचचं काय लोणचं घालणार? तर मी घरी बसून एका ऑनलाईन दुकानाच्या मेलना उत्तरं देते. ते दुकान फ्रान्समध्ये लग्नाच्या अंगठ्या विकतं. मला वाटलं होतं बायकांचेच मेल येतील. छे! निम्म्याहून जास्त पुरुषांचे. आणि बापरे, किती टेन्शन घेतात! एकाने लिहिलं होतं, मी आयुष्यात साधं घड्याळसुद्धा घातलं नाही, आता हे कायम बोटात राहणार, सवय होते का? एक बेकरीवाला विचारत होता, कणीक अडकून बसेल का? एक द्राक्षाच्या मळ्यातला होता, त्याला मातीची काळजी. (मला वाटलं, अरे हा तर आपल्या दिंडोरीकडचाच!)

तर तिकडची पद्धत अशी. साखरपुड्याची अंगठी बहुतेक फक्त मुलीला. मुलाला मिळते ती थेट लग्नात, आणि त्यानंतर ती रोज घालायची, सणासुदीला नाही. तिला म्हणतात 'अलियांस'. खडा नाही, नक्षी नाही. सगळ्यात जास्त खपते ती 'दमी-झों', बाहेरून गोलसर, आतून सपाट, म्हणजे बोटाला टोचत नाही. दुसरी 'रुबाँ', रिबिनीसारखी चपटी. कुणी चकचकीत घेतं, कुणी ब्रश मारल्यासारखी मंद. सोनं अठरा कॅरेट. आतल्या बाजूला दोघांची नावं आणि तारीख. आणि नवराबायकोच्या अंगठ्या बऱ्याचदा एकसारख्या, फक्त माप वेगळं. मला हे जाम आवडलं. मंगळसूत्र मी घालणार, जोडवी मी घालणार, मग त्याच्या अंगावर काय? काहीतरी पाहिजे ना एक!

हे सगळं मी त्याला कॉलेज रोडला चहा पिताना एका दमात सांगितलं. तो हसत ऐकत होता. मग मी म्हटलं, "आणि घालायची डाव्या हातात."

त्याने कप खाली ठेवला.

"डाव्या? सगळ्यांच्या समोर?"

"हो. तिकडे तशीच घालतात. का रे?"

मग त्याने सांगितलं. लहानपणी तो डाव्या हाताने जेवायचा. आई जेवायला बसवताना त्याचा डावा हात फडक्याने कमरेला बांधायची. जेवण झालं की सोडायची. गावात एका लग्नात त्याने अक्षता डाव्या हाताने टाकल्या, तर आत्या मांडवभर ऐकू जाईल अशी ओरडली होती, "ए डावऱ्या, नवरीला काय शाप देतो का?" तेव्हापासून कुणी नुसतं 'हात पुढे कर' म्हटलं की त्याचा उजवा हात आपोआप जातो. लिहितो डाव्याने, व्हर्निअर धरतो डाव्याने, पण घरच्या कार्यात डावा हात पाठीमागे.

हे सगळं हसत हसत सांगितलं त्याने. पण मग म्हणाला, "मला चालेल. चालेल काय, मला पाहिजेच डाव्यात. एकदा तरी ह्या हाताला मान मिळू दे यार."

झालं! माझ्यासाठी विषय तिथेच संपला. अंगठी डाव्याच हातात, साखरपुड्यालाच, सगळ्यांच्या समोर. लग्नात भटजी आणि मुहूर्ताच्या घाईत कोण थांबणार अंगठीसाठी?

राहिली त्याची आई. त्यांचा फुलांचा मळा मखमलाबादच्या पुढे आहे. शेवंती, झेंडू, थोडा गुलाब. मी गेले तेव्हा काकू शेडमध्ये हार करत बसल्या होत्या. मीही दोरा घेऊन बसले, माझा हार म्हणजे उंदराने कुरतडल्यासारखा होत होता. मी हळूच विषय काढला. काकूंनी मान वर केली नाही.

"डाव्या हातात? साखरपुड्याला? कोण घालतं असं?"

"फ्रान्समध्ये घालतात काकू. जुन्या काळी म्हणे त्यांना वाटायचं, त्या बोटातली शीर थेट काळजाला जाते."

"मग आपल्या उजव्या हाताला शीर नाय का?"

मी दोऱ्यातला गुंता सोडवायला लागले. त्याच हसल्या. मग मी मोबाईलवर अंगठ्या दाखवल्या. त्यातली एक त्यांनी खूप वेळ बघितली.

"नाव आतून कोरत्यात? मग दिसणार कोणाला?"

"त्याला एकट्याला."

"हं. हे बरंय." पुन्हा हार सुरू. जरा वेळाने म्हणाल्या, "पण डावा नको गं पोरी. लोकं त्याला लय बोलली हायेत लहानपणी. पुन्हा चारचौघात कशाला?"

तेव्हा मला कळलं की त्या नियम सांगत नव्हत्या, घाबरत होत्या. मी म्हटलं, "काकू, त्यालाच पाहिजे आहे." त्यांनी पुढचं फूल दोऱ्यात ओवलं. हो नाही की नाही नाही. मी ते हो धरलं. मी अशीच आहे.

मग मी, तो आणि काकू, आम्ही तिघं सराफ बाजारात. सराफकाका आधी ट्रे वर ट्रे काढायला लागले. "जेन्ट्सची अंगठी म्हणजे जरा भरदार पाहिजे बघा. वर गणपती, नाहीतर पुष्कराज, नाहीतर नावाचं अक्षर." मी म्हटलं काहीच नको, एकदम प्लेन, बाहेरून गोलसर, आतून सपाट. फोटो बघून ते म्हणाले, "अहो, हे तर वेढं! आमचे आजोबा घालायचे की. ह्यात फ्रान्सचं काय आलं?" म्हणजे मी समुद्रापलीकडून आणलेली फॅशन सराफ बाजारात आजोबांच्या बोटात होती! अठरा कॅरेट म्हटल्यावर मात्र त्यांनी तोंड वाकडं केलं, मग स्वतःच म्हणाले, "रोज घालणार असेल तर ठीक. कडक राहील, वाकणार नाही."

मग त्यांनी मापाच्या कड्यांचा जुडगा काढला आणि म्हणाले, "हात द्या बघू."

त्याने हात दिला. त्यांनी माप घेतलं, लिहिलं, झालं.

आता ऐका. मी रोज तीस-चाळीस मेल पाठवते. प्रत्येकात एक ठरलेलं वाक्य असतं: ज्या हातात अंगठी घालणार आहात त्याच हाताचं माप घ्या, दोन्ही हातांची बोटं सारखी नसतात. रोज! आणि तो? तो तर मापंच घेऊन पोट भरतो! आणि आम्ही दोघं तिथे बसून बघत होतो आणि सराफकाकांनी माप घेतलं उजव्या हाताचं. कारण शेजारी आई बसली होती आणि कुणीतरी 'हात द्या' म्हटलं होतं. तिघांपैकी एकाच्याही लक्षात आलं नाही.

लक्षात आलं ते साखरपुड्यात.

हॉल भरलेला. काकूंनी घरच्या शेवंतीच्या पाकळ्यांची ताटात छोटी गादी केली होती. मीच कधीतरी त्यांना सांगितलं होतं की तिकडे अंगठ्या छोट्या उशीवर ठेवून आणतात. ते त्यांनी लक्षात ठेवलं होतं! माझी अंगठी त्याने घातली, मस्त बसली. मग माझी पाळी. त्याने डावा हात पुढे केला. हॉलमध्ये थोडी कुजबुज. मी अंगठी सरकवली. पेरापर्यंत गेली आणि अडकली.

मी फिरवली. दाबली. जाईचना. फोटोग्राफर म्हणाला, "दादा, दुसरा हात द्या ना, पटकन होईल."

आणि आत्या, पहिल्याच रांगेत, मोठ्याने, "सोनं पण शहाणं हाय बघा! त्याला पण कळतं कोणत्या हातात जायचं ते!"

लोक हसले. वाईट नव्हते हसले, पण हसले. आणि मी बघितलं, त्याचा डावा हात हळूहळू मागे जायला लागला आणि उजवा पुढे यायला लागला. त्याच्या चेहऱ्यावर काही नव्हतं. नुसती सवय. मला रडायलाच आलं, कारण चूक माझी होती, आणि माझ्याच तोंडी ते वाक्य रोज असतं.

तेवढ्यात काकू उठल्या. समईसाठी आणलेली तेलाची बाटली तिथेच होती. त्यांनी ती उचलली, स्टेजवर आल्या आणि त्याचा मागे गेलेला डावा हात मनगटाला धरून पुढे ओढला. तळहातावर तेल घेतलं. बोटाला चोळलं, पेराला जास्त. आत्या खालून म्हणाली, "अगं, काय करते? उजव्यात घाल की."

काकू मागे न बघता म्हणाल्या, "वन्सं, हा हात मीच बांधत होते. आज मला मोकळा करू द्या."

हॉल शांत नाही झाला वगैरे, मागे पोरं दंगा करतच होती. पण पुढची रांग माना उंच करून बघायला लागली. काकूंनी अंगठी फिरवत फिरवत, हारात फूल सरकवतात तशी, पेरापर्यंत आणली. मग थांबल्या. मला म्हणाल्या, "शेवटचं तू ढकल. तुझा मान हाय."

मी डोळे मिटून ढकलली. गेली! तो "आई गं!" करून ओरडला आणि सगळा हॉल खदाखदा हसला, आत्यासुद्धा. टाळ्या पडल्या. फोटोग्राफर म्हणे परत एकदा करा, फोटो नाही आला. कोण करणार परत!

त्यानंतरचं फारसं रोमँटिक नाही. बोट टोमॅटोसारखं लाल. पाहुणे जेवत असताना आम्ही दोघं बेसिनपाशी साबण लावून अंगठी काढत होतो. दुसऱ्या दिवशी पुन्हा सराफ बाजार. सराफकाकांनी यावेळी स्वतःहून विचारलं, "कोणता हात?" डाव्याचं माप दोन नंबरांनी मोठं निघालं. ज्या हाताने जन्मभर काम केलं तोच जाड असणार ना! ते म्हणाले, "वर गणपती बसवला असता ना, तर नवीनच करावी लागली असती. साधं वेढं आहे म्हणून वाढेल." अंगठी एका निमुळत्या कांबीवर चढवली आणि हळूहळू ठोकत वाढवली. आतली आमची नावं थोडी ताणली गेलीत, अक्षरं जरा लांब लांब उभी आहेत. मला ती तशीच आवडतात.

काल ती हातात आली, आज तो घालून कामावर गेला. मशीनजवळ जाताना काढून ठेवावी लागते, पण मोजमापाच्या खोलीत चालते. फोटोखाली त्याने लिहिलंय: "तपासणी. डावं बोट. पास."

काकूंना मी मघाशीच फोन करून सांगितलं. तर म्हणाल्या, "देवाचं मात्र उजव्यानंच घ्यायचं, सांग त्याला." मी म्हटलं हो. मग फोन ठेवता ठेवता, "आणि जेवायचं कसं ते त्याचं त्यानं बघावं. मी नाय बोलणार आता."

बास! हेच सांगायचं होतं. आणि हो, मेलमधलं ते मापाचं वाक्य मी आता ठळक अक्षरात टाकायला लागलेय.

आता तुम्ही सांगा. तुमच्या घरात आहे का कुणी, ज्याचा डावा हात लहानपणी बांधला होता, नाहीतर ज्याला चापट मारून उजवा पुढे करायला शिकवलं होतं? आणि मग कधी कुणी तो हात सगळ्यांच्या समोर धरून पुढे ओढला का? तुमच्याकडे झालंय असं?