अर्ध्यावरचा थांबा

पाणबुड्याने आयुष्यभर दुसऱ्यांचं बुडालेलं वर काढलं होतं. आपल्याच घरात, टीव्हीसमोरच्या खुर्चीत बसून आपण बुडू, असं त्याला कुणी सांगितलं असतं तर त्याने त्या माणसाला वेड्यात काढलं असतं. पण आता तो रोज बुडत होता. संध्याकाळचा चहा झाला की मेहुणा आपली चाकांची खुर्ची टीव्हीजवळ आणायचा, एक कंट्रोलर स्वतःच्या मांडीवर ठेवायचा, दुसरा दाजींच्या हातात द्यायचा, आणि थोड्याच वेळात पडद्याच्या उजव्या अर्ध्या भागात दाजींच्या नाकातोंडात पाणी जायचं.

खेळ बसवून दिला होता पाणबुड्याच्या लेकीने. नोकरीच्या गावी परत जाताना ती म्हणाली होती, "मामा, हा घे समुद्र. आई ओरडली तर खुशाल माझं नाव सांग." खेळाची गोष्ट साधीच. आकाशातून एक यान समुद्रात कोसळतं, त्यातली दोन माणसं तराफ्यावर वाचतात, आणि अंगावरच्या कपड्यांशिवाय त्यांच्याकडे काही उरत नाही. छातीत मावेल तेवढा श्वास घ्यायचा, खाली जायचं, मिळेल ते उचलायचं आणि श्वास संपायच्या आत वर यायचं. उथळ तळावर यानाचं भंगार पसरलेलं असतं. ते तराफ्यावरच्या यंत्रात टाकलं की पत्रा मिळतो. कपारींखाली पिवळट गोळे चिकटलेले असतात, ते फोडले की कधी तांबं निघतं, कधी नुसता चुरा. पांढऱ्या खड्यांची काच होते, उंच शेवाळाच्या बियांचं रबर. पत्रा, काच आणि रबर जमलं की हवेची पहिली टाकी बनते. ती बनेपर्यंत खोल पाण्याचं नाव काढायचं नाही, हा मेहुण्याचा नियम.

शोधण्यात पाणबुड्या मागे नव्हता. गोळे कुठे सापडतील हे त्याला सांगावं लागलं नाही. उजेड जिथे पोहोचत नाही तिथे तो आपणहून डोकं घालायचा. घोडं अडायचं ते वर येताना. खिसे तांब्या-भंगाराने भरलेले, तराफ्याची सावली डोक्यावर दिसतेय, आणि हा बाबा अर्ध्या पाण्यात थांबायचा. वर जायच्या कळेवरचा अंगठा उचलला जायचा आणि परत टेकायचाच नाही. पडदा आधी लाल व्हायचा, मग काळा. कमावलेलं सगळं पुन्हा तळाशी.

"दाजी, अहो दाबा! दाबा की कळ!" मेहुणा पहिल्या दिवशी ओरडला होता. दुसऱ्या दिवशी हसला होता. तिसऱ्या दिवशी त्याला कळलं की म्हातारा का थांबतो, आणि मग तो हसलाही नाही आणि ओरडलाही नाही.

पाणबुड्या मिसरूड फुटायच्या आधीच बंदरात कामाला लागला. जहाजांच्या पोटाला चिकटलेले शिंपले खरवडण्यापासून सुरुवात केली, पुढे नांगर शोधले, तुटलेले पंखे काढले, एकदा एका श्रीमंताची नजर चुकवून पाण्यात पडलेलं त्याचं कुत्रंही काढलं, जिवंत. उजव्या कानाचा पडदा पाण्याने कधीच फाडला होता, म्हणून तो घरातसुद्धा बोटीवर असल्यासारखा बोलायचा. त्याला शिकवणारा वस्ताद एक नंबरचा खवट माणूस. तो पोरांना एकच गोष्ट कानीकपाळी ओरडून सांगायचा. खोल पाण्यात फार वेळ काम केलं की हवा रक्तात मुरते. सावकाश वर आलात, अर्ध्यावर थांबलात, तर ती आली तशी निघून जाते. धावत वर आलात तर रक्तात बुडबुडे होतात, सोड्याची बाटली उघडल्यासारखे, आणि ते अडकतील तिथली नस मारून टाकतात. "घाई झाली तर खालीच मर," वस्ताद म्हणायचा, "पण धावत वर येऊन माझं नाव घालवू नकोस." पाणबुड्याच्या हाडात हे इतकं मुरलं होतं, की झोपेतही तो अर्ध्यावर थांबला असता.

लग्नानंतर बायकोचा धाकटा भाऊ त्याच्याकडे कामाला आला आणि दोघांची जोडी जमली. बंदरात त्यांच्यावरून विनोद व्हायचे, की दाजी खाली शिंकले तर मेहुणा वर रुमाल काढतो. मग ती सकाळ उजाडली. बंदराबाहेर खोल पाण्यात एक मालवाहू जहाज बुडालं होतं आणि दोघं त्यावर काम करत होते. पाळी संपत आली असताना वरून सुटलेली पोलादी तार पाणबुड्याच्या पायांवर पडली. बोटीवर खूण द्यायची दोघांची एकच दोरीही त्याच तारेखाली दबली. मेहुण्याने खूप ओढून पाहिलं, चाकू घासून पाहिला. पोलादापुढे चाकूचं काय चालणार? दोघांच्याही सिलिंडरमधली हवा तळाला गेली होती. मेहुण्याने दाजींच्या खांद्यावर दोनदा थोपटलं आणि तो वर निघाला. तो थांबला नाही. बोटीवर पोहोचताच त्याने खाली काय झालंय ते सांगितलं, दुसरे दोघं ताजे सिलिंडर आणि कातर घेऊन उतरले, पाणबुड्या वाचला. तोवर मेहुणा बोटीच्या फळ्यांवर आडवा झाला होता आणि विचारत होता, "माझे पाय कुणी झाकलेत का? मला कळत नाहीत." ते त्याला पुन्हा कधी कळलेच नाहीत.

चौकशी झाली. साहेबाने विचारलं, "तुमचा माणूस घाबरून वर आला का?" पाणबुड्या खरं तेच बोलला, की मला फक्त त्याचे पाय वर जाताना दिसले. साहेबाने लिहून टाकलं, वर येऊन निरोप दिला असला तरी घाबरून नियम मोडला. पाणबुड्यांच्या धंद्यात याहून मोठी बदनामी नाही. चोर चालेल, दारुडा चालेल, पाण्याखाली डोकं गमावणारा चालत नाही. बंदरात सगळ्यांनी तेच धरलं. घरातही तेच धरलं गेलं. बायको भावाचं सगळं करायची, अंघोळ घालायची, कूस बदलायची, पण दमली की तिच्या तोंडून निघून जायचंच, "जरा धीर धरला असतास रे." मेहुणा मूग गिळून बसायचा.

आणि पाणबुड्या? त्याने त्या सकाळबद्दल तोंडातून ब्र काढला नाही. मेहुण्याला दिवाणावरून उचलायचा, खुर्चीची चाकं दुरुस्त करायचा, दाढीचं पाणी गरम करून द्यायचा, सगळं एखाद्या गुन्हेगारासारखं मान खाली घालून. त्याच्या मनात एकच होतं, की हा माझ्यामुळे बसला, याला माझं तोंड बघवत नसेल. मी म्हणेन, दोन शहाण्या माणसांनी एका छपराखाली इतकी वर्षं असा मूर्खपणा करावा याला काही मर्यादा असते. पण तो केला खरा.

आता मेहुणा जाणार होता. दूरच्या शहरात एक संस्था होती, तिथे अशा लोकांची राहायची सोय होती आणि यंत्रं दुरुस्त करायचं कामही. त्याने स्वतःच फोन करून जागा पक्की केली आणि जेवताना सांगितलं, "महिनाअखेरीला मी निघतो." बायको ताटावरून उठून गेली. पाणबुड्याला ओरडून सांगावंसं वाटलं, जाऊ नकोस. पण कुठल्या तोंडाने सांगणार? तो भात चिवडत राहिला. मग मेहुणाच म्हणाला, "जायच्या आधी एक करा, दाजी. माझ्याबरोबर परत एकदा पाण्यात उतरा. खोटं तर खोटं."

म्हणून पाणबुड्या रोज बुडत होता.

महिना संपत आला तेव्हा त्यांची पहिली टाकी तयार झाली. खरं तर मेहुण्यानेच केली. पाणबुड्याचं सामान तळाशी सांडायचं, मेहुणा ते वेचून आणायचा. टाकी एकच होती. ती तराफ्यावर ठेवून मेहुणा म्हणाला, "दुसरी याहून मोठी, तिला तारा लागतील, तारांना तांबं. गोळे फोडून फोडून हात दुखले. त्या मोडक्या यानाच्या पोटात तांबंच तांबं आहे. तुम्ही दाराशी थांबा, मी पटकन जाऊन येतो."

"टाकी घेऊन जा."

"टाकी लावली की सामानाला जागा उरत नाही. येतो मी."

मेहुण्याचा माणूस फुटक्या दारातून आत शिरला. पाणबुड्याचा माणूस बाहेर तरंगत राहिला. आतून मेहुण्याने मोजायला सुरुवात केली, एक तांबं, अजून एक, आणि तेवढ्यात छताची तुळई सुटली आणि दारात आडवी पडली. मेहुण्याने कळा दाबून पाहिल्या. तुळईखाली वीतभर फट राहिली होती, तिच्यातून वस्तू देता-घेता येत होत्या, माणूस नाही.

"अडकलो," मेहुणा म्हणाला. त्याच्या पडद्याची कड लाल व्हायला लागली होती. "असू द्या दाजी, मरतो. तराफ्यावर परत उठेन. तांबं तेवढं गेलं."

पाणबुड्याने वर पाहिलं. तराफ्याची सावली दूर, एवढीशी. टाकी तिथे होती. त्याने अंगठा कळेवर टेकवला आणि तो वर निघाला.

अर्ध्यावर अंगठा नेहमीसारखा जड झाला. वस्तादाचा तो घोगरा आवाज कानात आला, आणि पाणबुड्याच्या लक्षात आलं की आपण घाबरलेलो नाही. डोकं अगदी थंड आहे. थांबलो तर काय होईल ते कळतंय, नाही थांबलो तर काय होईल तेही कळतंय. इथे विचार करायला जागा आहे. भरपूर जागा आहे. आणि खाली माणूस आहे.

अंगठा उचलला गेला नाही.

तो सरळ वर गेला, टाकी उचलली, परत खाली सूर मारला आणि फटीतून ती आत सरकवली. मेहुण्याच्या पडद्याचा लाल रंग ओसरला. मेहुणा पडद्याकडे बघतच नव्हता, दाजींच्या हातांकडे बघत होता. अंगठा अजूनही कळेवर टेकलेला होता.

घाबरलेले लोक पाणबुड्याने पुष्कळ पाहिले होते. घाबरलेला माणूस वर येताना मास्क ओढतो, हातपाय झाडतो, सायकलवरून पडल्यासारखे पाय मारतो. आणि त्या सकाळी, तारेखाली पडल्या पडल्या, त्याने मेहुण्याचे पाय पाहिले होते. सरळ, जुळलेले, एका लयीत हलणारे. शिकवल्यासारखे. साहेबाला त्याने सांगितलं की पाय दिसले. ते कसे चालले होते हे साहेबाने विचारलं नाही, आणि याने स्वतःलाही कधी विचारलं नाही.

त्याने कंट्रोलर खाली ठेवला. "तू घाबरला नव्हतास," तो म्हणाला. त्याच्या नेहमीच्या मोठ्या आवाजात, त्यामुळे ते सगळ्या घराने ऐकलं.

मेहुण्याचा चेहरा आक्रसला. "कधीपासून ठाऊक आहे तुम्हाला?"

'पहिल्यापासून' म्हणणं सोपं होतं, आणि ऐकायला गोडही लागलं असतं. पाणबुड्याने मान हलवली. "दिसलं तेव्हाच होतं. कळलं आत्ता."

"आत्ता," मेहुणा म्हणाला. मग त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं आणि त्याने ते पुसलं नाही. "पहिल्यापासून म्हणाला असतात ना दाजी, तर उद्याच गेलो असतो मी. इतकी वर्षं मला वाटायचं, तुम्हाला माहीत आहे आणि तरी तुम्ही बोलत नाही. त्या खुर्चीत बसून मी तुमचं तोंड बघायचो. आज बोलतील, उद्या बोलतील."

"तू का नाही बोललास?"

"मी काय बोलणार? प्रत्येक घाबरट माणूस तेच म्हणतो, मी घाबरलो नव्हतो. खाली तुम्ही होतात. दुसरं कोण सांगणार?"

स्वयंपाकघराच्या दारात पाणबुड्याची बायको उभी होती. हात ओले, पीठ लागलेले. पाणबुड्या खुर्चीतून उठला आणि चौकशीच्या साहेबासमोर उभा राहिला होता तसा बायकोसमोर उभा राहिला. "तो चुकला नाही," तो म्हणाला. "माझी हवा संपत होती. अर्ध्यावर थांबला असता तर तो आज चालला असता, आणि मी मेलो असतो. हे त्याला वर जाताना माहीत होतं. सगळं माहीत होतं, तरी तो थांबला नाही. मी जे तेव्हा सांगायला हवं होतं ते आज सांगतोय." आणि मेहुण्याकडे वळून, इतके दिवस घशात अडकलेलं तेही त्याने सांगून टाकलं, "तू जाऊ नकोस. मला तू इथे हवा आहेस."

बायको पुढे आली, भावाच्या खुर्चीसमोर जमिनीवर बसली आणि तिने त्याच्या गुडघ्यांवर डोकं टेकलं. तिचे खांदे हलत होते. तिच्या डोक्याचं वजन त्याला कळत नव्हतं, म्हणून त्याने वाकून आपला हात तिच्या केसांवर ठेवला, आणि ती तिथे आहे हे हाताने पाहून घेतलं.