जाळीच्या खिडकीतून डबा

आधीच माफी मागतो. शाळा आठवीत सुटली, त्यामुळे ऱ्हस्व-दीर्घ चुकेल आणि शब्दही साधेच येतील. पण माधवगंजच्या आमच्या टेंट हाऊसमध्ये, म्हणजे लग्नाला मांडव-गाद्या भाड्यानं देणाऱ्या दुकानात, रोज काहीतरी घडतं आणि किस्से गाद्यांसारखे एकावर एक चढत जातात.

मालक शिंदेकाका. कामाला मी आणि गुलाबसिंग, दोघंही जेलमधून सुटलेले. दादानं मला बजावलं होतं, आधी एका जागी टिकून दाखव, मग घरी ये. म्हणून मी गोदामातच झोपायचो. टिकायचंच होतं.

*

पहिल्या दिवशी गोदामाच्या दाराशी बराच वेळ उभा राहिलो. दार नुसतं लोटलेलं. आत काका वाट बघतायत, बाहेर मी! जेलात दारं शिपाईच उघडायचा, ती सवय गेली नव्हती. शेवटी काका बाहेर आले.

"विनू, दार ढकलायचं असतं रे. इथे ड्यूटीवर कोणी नाही."

*

फूलबागेकडे एक लग्न होतं. सतरंज्या अंथरून झाल्या आणि केटररनं घंटा वाजवली. आम्ही दोघं तिथल्या तिथे जोडीनं उकिडवे बसलो, जेलात घंटा झाली की गिनतीला, म्हणजे मोजणीला, बसायचो तसे. आम्हाला बघून वऱ्हाडही मागे ओळीनं बसलं. त्यांना वाटलं, पंगत बसली! वाढपी पळत आले.

गुलाबसिंग माझ्या कानात म्हणाला, "भैया, अब उठना मत. खाना आ रहा है."

*

एका वधूपित्यानं काकांना बाजूला घेऊन विचारलं, ही पोरं कुठली. काकांनी खरं तेच सांगितलं.

तो म्हणाला, "म्हणजे सकाळी वेळेवर उठतील ना? मागचे टेंटवाले दुपारी उगवले होते."

*

काल आई पहिल्यांदा टेंट हाऊसवर आली. गल्ल्याच्या खिडकीला जाळी आहे, तिच्या बाहेरच उभी राहिली. जेलमध्ये भेटायला यायची तशीच, जाळीला तोंड लावून, मोठ्यानं, एका दमात बोलत सुटली. ताईला मुलगी झाली, मोरीचा नळ गळतोय, डब्यात थालीपीठ आहे, गरम आहे तोवर खा.

"आणि दादा बोलत नाही काही, पण त्यानंच तुझी खाट गच्चीवरून उतरवली. निवारीच्या पट्ट्या घट्ट केल्या."

काका म्हणाले, "वहिनी, आत या की. बसा."

आई दचकली. "बसू? वेळ नाही संपली?"

*

आज सकाळी पिशवी घेऊन गोरखीतल्या घरी गेलो. दार लोटलेलं होतं. ढकललं.