महालक्ष्मीची गोळी

आमच्या घरात अंडं हा शब्द उच्चारायची सोय नाही. हिंदी मुलखातल्या शहरातला तात्यापारा नावाचा मोहल्ला, तिथलं जुनं मराठी घर, सासूबाईंचं सोवळ्याचं स्वयंपाकघर, चातुर्मासात कांदा-लसूणसुद्धा हद्दपार. आणि माझं आयुष्य मात्र त्या काळात पूर्णपणे अंड्यावर टांगलेलं होतं. अंडं वाढतंय का, किती मोठं झालं, फुटलं का. डॉक्टरीणबाई सोनोग्राफीच्या पडद्याकडे बघत मिलिमीटरमध्ये आकडा सांगायच्या आणि तो मला फोनवर नवऱ्याला कळवायचा असे. नवरा शहराबाहेर उरल्याच्या कारखानी भागात एका रोलिंग मिलमध्ये शिफ्ट सांभाळतो. तिथे लोखंडी सळयाही मिलिमीटरनंच ओळखल्या जातात, आठचा सरिया, दहाचा, बाराचा. त्यानंच तोड काढली की घरातून बोलताना अंडं म्हणायचं नाही, सरिया म्हणायचं. मी ओट्यापाशी उभी राहून सांगायची, आज दहाचाच आहे. मग पलीकडून नुसता मिलचा आवाज ऐकू यायचा. निदान अठराचा हवा होता, दहाच्या सरियानं आमचं काही होणार नव्हतं.

लग्नाला बरीच वर्षं झाली होती. माझी पाळी मनाला येईल तेव्हा यायची. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, अंडाशयात अंडी भरपूर आहेत, पण एकही पिकून बाहेर पडत नाही. त्यासाठी गोळ्या होत्या. पाळीच्या दुसऱ्या दिवशी दाखवायला यायचं, गोळ्या सुरू करायच्या, मग अधूनमधून सोनोग्राफी. त्यांनी मला समजावून सांगितलं ते असं, की ही गोळी मेंदूला चकवते. मेंदूला वाटतं अंडाशय झोपलंय, आणि तो त्याला जोरजोरानं हाका मारायला लागतो. मला ते पटलं. आमच्या घरात कोणाला उठवायचं तर तीच पद्धत आहे.

अंडं नीट वाढलं की एक इंजेक्शन, आणि त्यानंतर दोन रात्री नवरा घरी हवा. तो नेमका तेव्हा रात्रपाळीला. बदली मागताना कारण द्यावं लागायचं, आणि त्यानं माझ्या वडिलांना आजारी पाडलं. माझे वडील चौबे कॉलनीत ठणठणीत, रोज सकाळी बागेत फिरतात. पुढे एकदा मिलमधले एक गृहस्थ त्यांना बाजारात भेटले आणि अशा स्थितीत बाहेर का पडलात म्हणून रागावले. वडिलांनी घरी येऊन मला विचारलं, माझी कुठली स्थिती? हसून हसून माझी पुरेवाट झाली, आणि मग तशीच मी रडायला लागले. आईनं ओळखलं. तिनं वडिलांना काय सांगितलं ते मला ठाऊक नाही, पण त्यांनी पुन्हा विचारलं नाही.

सासूबाईंना मात्र आम्ही काही सांगितलं नव्हतं. त्या छळणाऱ्यातल्या नाहीत. मूल नाही म्हणून त्यांनी मला कधी टोमणा मारला नाही. पण त्यांच्या पोटात काही राहत नाही, आणि त्यांना कळलं म्हणजे पाऱ्यातल्या प्रत्येक बाईला कळलं. शिवाय माझा त्यांच्यावर एक जुना राग होता. पाळी आली की मी अजूनही बाजूला बसते. एमएस्सी झालेली मी, शाळेत मुलींना शरीरशास्त्र शिकवते, आणि घरी महिन्याचे ते दिवस मागच्या खोलीत चटईवर. यावर आमचं भांडणही झालं नाही कधी. त्या आवाज चढवत नाहीत आणि मी मनातल्या मनात चढवते.

मी सांगतेय ती गोष्ट तिसऱ्या खेपेची. पहिल्या दोन खेपा वाया गेल्या होत्या. डॉक्टरीणबाईंनी सांगितलं होतं की गोळ्यांनी या वेळीही जमलं नाही तर इंजेक्शनांच्या उपचाराकडे वळावं लागेल. तो मोठा व्याप, आणि नवरा हळूहळू गप्प होत चालला होता. आम्ही दोघांनी न बोलताच ठरवलं होतं की ही शेवटची. आणि या शेवटच्या खेपेला अंडं वाढलं. सोनोग्राफीच्या खोलीतून बाहेर येऊन मी फोन केला आणि सांगितलं, वीसचा. घरी नव्हते तरी अंडं म्हटलं नाही, सवय झाली होती. तो म्हणाला, "अरे वा, वीसचा तर आमच्याकडेही रोज निघत नाही." इंजेक्शन झालं, वडील पुन्हा आजारी पडले, आणि आम्ही वाट बघायला लागलो.

महालक्ष्म्या त्याच पंधरवड्यात आल्या. आमच्याकडे विदर्भासारख्याच उभ्या महालक्ष्म्या असतात. एक दिवस बसतात, दुसऱ्या दिवशी जेवतात, तिसऱ्या दिवशी उठतात. जेवणाच्या दिवशी पुरण, आंबील, सोळा भाज्या, आणि घरात पाय ठेवायला जागा नसते. अशा वेळी घरच्या सुनेला पाळी येऊन चालत नाही. म्हणून दरवर्षी सासूबाई हळद, कापूर, वस्त्रमाळा आणतात त्याच पिशवीत पाळी पुढे ढकलायच्या गोळ्या आणतात. औषधांच्या दुकानातला माणूस न विचारता काढून देतो, कारण त्या दिवसांत सगळा पारा त्याच घेत असतो. आमच्याकडे तिला महालक्ष्मीची गोळी म्हणतात. मी लग्न झाल्यापासून ती घेत आले, महालक्ष्म्यांना, नवरात्रात, लग्नामुंजींना.

सासूबाईंनी पाकीट माझ्या हातात ठेवलं आणि मी नेहमीसारखा पाण्याचा गडू भरून, गोळी काढून तोंडाशी नेली. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला. डॉक्टरीणबाई दर वेळी विचारायच्या, और कोई दवाई लेती हो? मी दर वेळी नाही म्हणायचे. खोटं बोलत नव्हते. ही गोळी आमच्या घरात औषधात मोडतच नव्हती, ती पूजेच्या सामानात होती. पहिल्या खेपेला चुलतदिराच्या मुलाची मुंज होती, तेव्हा मी ती घेतली होती. मुंज झाली तरी पाळी येईना, आणि मी, मुलींना शरीरशास्त्र शिकवणारी बाई, दिवस गेले समजून आनंदानं तरंगत होते.

गोळी पाकिटात ठेवून मी मागच्या अंगणात गेले आणि डॉक्टरीणबाईंना फोन केला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "एक गोली से बुला रही हो, दूसरी से रोक रही हो. शरीर बेचारा किसकी सुने?" या वेळी अजिबात घ्यायची नाही, गर्भ राहिला असेल तर धोका नको, आणि नसेल तर निदान खरं काय ते वेळेवर कळेल, असं त्यांनी बजावलं. मी विचारलं, इतकी वर्षं घेतली, त्यामुळेच तर नाही झालं? त्या म्हणाल्या, नाही, तुझा दोष आधीपासूनचा आहे, त्याचा या गोळ्यांशी संबंध नाही.

आता सासूबाईंना सांगण्यावाचून गत्यंतर नव्हतं. गोळी घेतली नाही आणि ऐन जेवणाच्या दिवशी पाळी आली तर सगळा सोहळा विटाळणार, निदान त्यांच्या लेखी. त्या वाती वळत बसल्या होत्या. मी समोर बसले आणि सगळं सांगितलं, गोळ्या, सोनोग्राफी, इंजेक्शन, वडिलांचं आजारपणसुद्धा. त्यांचे हात थांबले.

"काहून सांगितलं नाही मले?" त्या म्हणाल्या. मी पाकीट त्यांच्यापुढे ठेवलं. मग त्यांनी पाकीट हातात घेतलं, उलटसुलट करून पाहिलं, आणि खूप हळू विचारलं, "मी देत राहिली इतके वर्ष. त्याच्यानं त नाही झालं ना असं?"

त्याचं उत्तर मला नुकतंच मिळालं होतं. पण मी लगेच दिलं नाही. त्यांचा चेहरा उतरलेला बघून मला जरा बरं वाटलं, खरंच वाटलं. इतक्या वर्षांची चटई माझ्या मनात होती. मग त्या पाकिटावरची बारीक अक्षरं डोळ्यांजवळ नेऊन वाचायला लागल्या आणि माझी मलाच लाज वाटली. मी म्हटलं, नाही आई, डॉक्टर नाही म्हणाल्या. त्यांनी डोळे पुसले, पाकीट कमरेला खोचलं आणि म्हणाल्या, "नको घेऊ मग. आली त आली. मी पाहून घेईन." आणि नवल म्हणजे ही गोष्ट त्यांनी पाऱ्यात कोणालाही सांगितली नाही.

महालक्ष्म्या बसल्या. पहिला दिवस बरा गेला. मी दोघींना साड्या नेसवल्या, दागिने घातले, आणि सासूबाई येता-जाता माझ्याकडे बघत होत्या. त्यांची नजर देवीकडे कमी आणि माझ्याकडे जास्त होती. दुसऱ्या दिवशी सकाळी मी पुरण वाटत होते. ओटीपोटात ओळखीची कळ आली. मी वाटत राहिले, कारण हात थांबवला तर ते खरं ठरलं असतं. शेवटी उठावंच लागलं. न्हाणीघरात गेले, आणि आली होती.

किती वेळ तिथे उभी राहिले मला आठवत नाही. बाहेरून भांड्यांचा, बायकांच्या हसण्याचा आवाज येत होता. वीसचा सरिया, वडिलांची दुखणी, सगळं एका लाल डागात संपलं होतं. मी स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी आले. सासूबाई कढईपाशी होत्या. त्यांनी मान वर केली आणि त्यांना कळलं. त्या उठून माझ्याजवळ आल्या आणि फक्त मला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "कोणाले सांगू नको. हातपाय धू अन् ये आत."

उभ्या जन्मात त्यांनी असं कोणाला म्हटलं नसेल. मी इतकी वर्षं ज्या वाक्याची वाट बघत होते ते हे होतं, आणि ते ऐकून मला आत जावंसंच वाटलं नाही. आत बायका होत्या, त्यांच्या कडेवर लेकरं होती, आणि हळदीकुंकू लावताना प्रत्येक बाई मला तोच एक आशीर्वाद देणार होती. मी म्हटलं, आई, मला बाजूलाच बसू द्या. आज मला तिथेच बसायचंय. त्यांनी अडवलं नाही.

मी मागच्या खोलीत चटईवर जाऊन पडले आणि पोटभर रडले. त्या घरात बाईला एकटीला सोडणारी तेवढी एकच जागा होती. काही वेळानं दार लोटलं. सासूबाई आत आल्या, सोवळ्याच्या नऊवारीतच, आणि सरळ माझ्या चटईवर बसल्या. नैवेद्य व्हायचा होता, आरती व्हायची होती. त्यांनी माझं डोकं मांडीवर घेतलं. बाहेरून कोणीतरी हाक मारली, नैवेद्याचं ताट वाढायचं का म्हणून. त्यांनी तिथूनच मोठ्यानं सांगितलं, "थांबा जरा. मी शिवली तिले. आंघोळ करून येते."

बाहेर ताट खाली ठेवल्याचा आवाज झाला. त्या उठल्या नाहीत. माझ्या केसांवरून हात फिरवत राहिल्या आणि मग विचारलं की आता पुढे काय, डॉक्टरकडे केव्हा जायचं. मी म्हटलं, जायचं असेल तर उद्याच, दुसऱ्या दिवशीच दाखवावं लागतं. पण उद्या महालक्ष्म्या उठवायच्या आहेत, आणि तसंही आम्ही आता सोडून द्यायचं म्हणतोय.

त्यांनी थोडा विचार केला. "सकाळीच जाऊ," त्या म्हणाल्या, "मी येते संगं. त्या थांबतीन संध्याकाळपर्यंत. बायाच हाय त्या बी."