वंशावळीतलं तिसरं नाव

कोर्टाच्या आवारात बायजाक्का कधी बाकावर बसली नाही. पायरीच्या कडेला फडकं अंथरायची, मोड आलेले कडवे वाल समोर घ्यायची आणि पुकारा होईपर्यंत सोलत राहायची. अंबरनाथला शिवमंदिराच्या वाटेवर तिची भाड्याची खोली होती. चार घरांना आणि एका खानावळीला सोललेले वाल पुरवून ती पोट भरायची. नवे वकील तिला भाजीवाली समजून भाव विचारत. ती सांगायचीही. "कोरटात यिऊन माजा दिस फुकट का घालवू?" असं वर मलाच विचारायची.

स्वतःची वकिली सुरू केल्यावरच्या माझ्या पहिल्या काही पक्षकारांपैकी ती एक. मूळची बदलापूरजवळच्या जांभूळ गावची. तरुणपणीच विधवा झालेली, मूलबाळ नाही. तिला वडिलांच्या जमिनीत वाटा हवा होता आणि भाऊ काशिनाथ द्यायला तयार नव्हता. वाटा मिळाला की त्यात दोन खोल्या बांधायच्या. भाड्याच्या घरात मरायचं नाही, एवढीच तिची इच्छा.

पहिल्या दिवशी मी वंशावळ लिहून घेत होतो. वडील, आई, काशिनाथ, ती. "आणखी कुणी भावंडं?" मी विचारलं. ती जरा थांबली आणि मग म्हणाली, "नाय. आमी दोगंच." तिचं ते थांबणं मला दिसलं होतं. पण बाहेर दुसरा पक्षकार ताटकळत होता आणि मला मोठा वकील व्हायची घाई होती. मी पुढचा कागद ओढला.

दावा सात वर्षं चालला. बांधावरचा आंबा कोणी लावला इथपासून बहीणभाऊ भांडले. काशिनाथ साक्षीला उभा राहिला की ती त्याच्याकडे बघायचीसुद्धा नाही. पण एकदा उलटतपासणीत त्याला खोकल्याची उबळ आली तर मलाच मागून म्हणाली, "आरं, पानी दे त्याला आदी, मंग इचार." तारीख पडली की म्हणायची, "दादा, भाताला पन कापनी आसती. तुमच्या तारखेला कवा हाय?"

शेवटी निकाल लागला, तिच्या बाजूने. अर्धा वाटा. दुसऱ्या दिवशी ती माझ्या घरी वालाची उसळ घेऊन आली आणि घराचं दार कुठल्या दिशेला ठेवायचं यावर तासभर बोलली.

काशिनाथने अपील केलं. त्याच्या नव्या वकिलाने गावच्या शाळेतून एक दाखला शोधून काढला. या दोघांना थोरली बहीण होती, यशोदा. ती हयात होती, उल्हासनगरला सिंधी वस्तीत, कॅम्प पाचमध्ये राहत होती. वाटणीच्या दाव्यात प्रत्येक हिस्सेदाराला सामील करावंच लागतं. वरच्या कोर्टाने निकाल रद्द केला. बहिणीला पक्षकार करा आणि दावा नव्याने चालवा, असा हुकूम झाला. सात वर्षं पाण्यात गेली.

मी बायजाक्कावर ओरडलो. "आक्का, सख्खी बहीण जिवंत आहे आणि तुम्ही सांगितलं नाही?"

"जिती कुटं?" ती म्हणाली. "येसू शिंदी घरात लगीन करून गेली तवाच बापानं तिच्या नावानं आंगूळ केली. आमाला पन घातली. मेल्या मानसाचं नाव कसं लिवायचं रं?"

एकमेकांचं तोंड न बघणाऱ्या त्या बहीणभावाने एवढी एक गोष्ट मात्र मिळून पाळली होती. दाखला पुढ्यात येईपर्यंत काशिनाथनेही ते नाव काढलं नव्हतं.

दाव्यात दुरुस्ती करायच्या अर्जावर सही करायला बायजाक्काने दोन महिने लावले. मग एक दिवस आली आणि म्हणाली, "लिव. यशोदा. थोरली हाय ती, माज्या वर लिव." सही करताना ती रडली. मी तिला रडू दिलं, तेवढंच एक मी नीट केलं.

यशोदाबाईंना समन्स पोचलं. तारखेच्या चार दिवस आधी बायजाक्का गेली, भाड्याच्या खोलीतच.

तारखेला यशोदाबाई आल्या. डोक्यावर पांढरी ओढणी, चाल सावकाश. "बायजा किधर आहे? नाव तिनंच घातलं ना माझं?" मी बातमी सांगितली तशा त्या बाकावर बसल्या. मग म्हणाल्या, "तिच्या खोलीवरून माझ्याकडं रिक्षानं दस मिनिट लागतात हो. मी तर पहिल्याच दिवशी येऊन सही दिली असती."

ते ऐकताना मला स्वतःची लाज वाटली. आजही वाटते.

आता मयत वादीचे वारस लावायचे होते. नवरा नाही, मूल नाही, मागितलेला हिस्सा वडिलांच्या जमिनीतला; असा हिस्सा कायद्याने वडिलांच्याच वारसांकडे परत जातो. तेव्हा वारस दोनच. ज्याच्यावर तिने दावा लावला तो भाऊ, आणि जिला तिने मेलेली मानलं ती बहीण. यशोदाबाईंना हे समजावून सांगितलं. काशिनाथ खांबाशी उभा राहून ऐकत होता.

"कागदावर वारस, ठीक आहे," त्या म्हणाल्या. "पण वकीलसाब, तिच्या नावानं आंघोळ मी करायची की नाही? त्या घरची मी आहे की नाही?"

मी काशिनाथकडे बघितलं.

काशिनाथ दोन पावलं पुढे आला. बहिणीकडे न बघताच म्हणाला, "दहावं सोमवारी हाय, येसू. सकाळी आठाला नदीवर ये."