लमजुंग, व्हाया गॅलिपोली

मनसरा आमांची आणि माझी ओळख माझ्या शिव्यांमुळे झाली. मी न्यूझीलंडमध्ये, पेनरोजच्या एका डेपोत डिस्पॅचर आहे. कुठला ट्रक कुठून कुठे आणि कुठल्या रस्त्याने, हे दिवसभर ड्रायव्हरांना फोनवर सांगायचं, हे माझं काम. आठवड्यातले काही दिवस फ्लॅट बुशच्या घरूनच करते. त्या दिवशी एक शहाणा ड्रायव्हर ओनेहंगाला जायचं सोडून भलतीकडेच जाऊन बसला होता. त्याला इंग्रजीत "नो वरीज, मेट" म्हटलं, फोन म्यूट केला आणि मराठीत त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार केला. कुंपणापलीकडून कुणीतरी खुदकन हसलं.

"पुण्याची का गं तू?"

बघते तर नाकात सोन्याची फुली घातलेली, माझ्या खांद्याएवढी एक म्हातारी. पायात लोकरीचे मोजे आणि वर जँडल्स, म्हणजे इथल्या रबरी चपला. नवरा हिंदुस्थानी फौजेच्या गोरखा पलटणीत होता, तीन वर्षं खडकीला काढली, भाजीवालीशी भांडता भांडता मराठी आली, असं तिने तिथल्या तिथे सांगून टाकलं. नवरा लमजुंगला, नेपाळातल्या आपल्या गावीच वारला. मग मुलगा दिल तिला इथे घेऊन आला. आमा म्हणजे आई. सगळे त्यांना आमाच म्हणायचे, मग मीही म्हणायला लागले.

आमांनी मागचं लॉन उपटून मोहरीचा पाला लावला होता. तो आंबवून उन्हात वाळवायच्या. वास असा, की माझा नवरा प्रसाद धाडधाड खिडक्या लावून घ्यायचा. मी मात्र रोज संध्याकाळी त्यांच्याकडे चहाला. खरं सांगू का, तिथे मला मराठीत तोंड उघडता यायचं. माझी मुलगी ईशा, तिला मराठी सगळं समजतं, पण उत्तर देते इंग्रजीत. आमा निम्मं हिंदी, निम्मं मराठी बोलायच्या, पण बोलायच्या तरी.

"आमच्या गुरुंगांत पूर्वी राजा शर्यत जिंकून व्हायचा," एकदा त्या म्हणाल्या. "दर दसऱ्याला लिगलिगच्या डोंगरावर सगळे धावायचे. पहिला वर पोचेल तो वर्षभर राजा. पुढच्या दसऱ्याला पुन्हा शर्यत."

"आणि म्हातारा झाला की?"

"की राजा नाही. सोपं आहे."

एका दसऱ्याला सगळे शर्यत बघण्यात दंग असताना शेजारच्या शाह राजांचे लोक आले आणि गढी घेऊन बसले. त्यानंतर शर्यत बंद. त्या शाहांचं गोरखा राज्य वाढत गेलं, काठमांडू घेतलं, पार सतलजपर्यंत पोचलं, आणि फौजेत पुढे कोण, तर हीच डोंगर चढणारी गुरुंग आणि मगर माणसं. मग इंग्रजांशी जुंपली. इंग्रज जिंकले, पण एवढे दबकले की ज्यांना हरवलं त्यांनाच त्यांनी नोकरीवर ठेवलं. हे सगळं आमा पाला निवडता निवडता सांगायच्या, जसं काही मागच्या गल्लीत घडलंय.

"आधी धावत जाऊन राजा व्हायचो," त्या म्हणायच्या, "मग दुसऱ्यांच्या लढाईत धावत जाऊन मरायला लागलो."

त्यांचे आजोबा, नरधन गुरुंग, असेच गेले. १९१५ साली, गॅलिपोलीला. तुर्कस्तानातल्या त्या डोंगरावर एका अंगाने गुरखे चढत होते आणि शेजारच्या अंगाने न्यूझीलंडची पोरं. नरधन परत आले नाहीत. आमांचे वडील तेव्हा आईच्या पोटात होते.

आता गुरुंगांची रीत अशी, की माणूस गेला की पच्यू, म्हणजे त्यांचे पुरोहित, त्याला वाट सांगतात. नुसते मंत्र नव्हेत, जागांची नावं. अमका ओढा, तमकी खिंड, पलीकडचं पिंपळाचं झाड, असं करत करत पूर्वजांच्या जुन्या गावापर्यंत त्याला पोचवतात. एक नाव गळलं की आत्मा तिथेच अडकला. आणि वाट सुरू करायची ती माणूस जिथे मेला तिथून. गॅलिपोलीपासूनची वाट लमजुंगच्या पच्यूंना कुठून माहीत असणार?

"म्हणून आजोबा भरकटले," आमा म्हणाल्या. "आजी रोज तिन्हीसांजेला दाराबाहेर भात ठेवायची. मी लहान होते. दगडी पायऱ्यांवर बुटांचा आवाज यायचा. वर चढायचा, थांबायचा, आणि पुन्हा खाली. गावात तेव्हा बूट होते कुणाकडे?"

"आमा, दिवेलागणीला हे काय बोलता!" मी त्यांच्यावर खेकसले. घाबरले की मी खेकसते.

खोटं कशाला बोलू, एकदा मीही ऐकलं. जूनमधली, म्हणजे इथल्या हिवाळ्यातली संध्याकाळ, पाचलाच अंधारून आलेलं. मी आमांच्या किचनमध्ये बसले होते. बाहेर काँक्रीटच्या ड्राइव्हवेवर जड बूट वाजले, सेन्सरचा दिवा लागला. कुरिअरवाला असेल म्हणून मी तणतणत दार उघडलं, तर चिटपाखरू नाही. दिवा थोडा वेळ जळला आणि विझला. आमांनी पाल्यावरून मान वर केली नाही.

"इथेही येतात," त्या म्हणाल्या. "घर बदललं ते कळलं बिचाऱ्यांना. वाट नाही कळली."

त्यानंतर काही दिवसांनी त्यांनी मला चहा दिला, समोर बसल्या आणि सरळ विषयाला हात घातला.

"छोरी, मी मेले की मला गावापर्यंत तू सोड."

"मी?"

"तू रोज हेच करतेस ना? ह्याला तिकडे पाठव, त्याला इकडून वळव. मी कुंपणाशी उभी राहून ऐकते. पच्यूंशी फोनवर बोलले मी. ते म्हणतात, गावाच्या वेशीपासून पुढे मी नेतो, वेशीपर्यंत कुणीतरी आणा. आणि विमानाने नाही हं. वर आकाशात नावं नसतात."

"अहो आमा, मी ट्रक हाकते! मेलेली माणसं नाही!"

"फरक काय? दोघांनाही वाट माहीत नसते."

दिल स्वयंपाकघराच्या दारात उभा होता. मोठा सिव्हिल इंजिनियर, बोर्डिंग स्कूलमध्ये वाढलेला. "दीदी, तुम्ही लक्ष नका देऊ," तो इंग्रजीत म्हणाला, "वयामुळे होतं असं." आमांनी त्याच्याकडे बघितलंसुद्धा नाही. माझा हात घट्ट धरला.

"मला त्यांच्यासारखं फिरायचं नाही गं. दारापर्यंत यायचं आणि परत जायचं. नको. मला फार भीती वाटते."

ऐंशीच्या घरातली बाई, नवऱ्याच्या मागे पलटणीबरोबर बर्फात आणि वाळवंटात संसार केलेली, आणि लहान पोरीसारखी माझा हात सोडत नव्हती. माझ्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. म्हटलं, मरू दे, शिकते.

आणि शिकले. रविवारी त्यांना गाडीत घालून टे इरिरंगी ड्राइव्ह, मानुकाऊ, पुहिनुई करत मांगेरेच्या पाण्यापर्यंत न्यायची. मोटरवेला लागले की ओरडायच्या, "इथे गाव कुठाय? उतर खाली!" समुद्रापुढे सिंगापूर, मलाया, ब्रह्मदेश, आसाम. बुटवलपासून गावापर्यंतचा चढ त्यांनी स्वतः माझ्याकडून घोकून घेतला, प्रत्येक ओढ्यासकट. चुकले की मांडीवर चापट. तो सगळा उन्हाळा आमच्या घरात मी भांडी घासता घासता नेपाळचे ओढे म्हणत होते आणि ईशा म्हणायची, "आई, यू आर बीइंग सो वीअर्ड."

मग एप्रिलमध्ये अँझॅक डे आला, गॅलिपोलीला पडलेल्या पोरांचा इथला स्मरणदिन. दिल आम्हा दोघींना सकाळच्या कार्यक्रमाला घेऊन गेला. आमांनी नवऱ्याची पदकं छातीवर लावली होती. पोरंटोरं, म्हातारे, बिगुल, फुलांची चक्रं, सगळं झालं. शेवटी आमा स्मारकाच्या दगडापाशी गेल्या आणि कोरलेल्या नावांवरून बोट फिरवत राहिल्या.

"ह्यांना परत कुणी आणलं?"

"कुणी नाही, आमा. ती पोरं तिथेच आहेत. इथे नुसती नावं."

"माणसांची नावं लिहिली," त्या म्हणाल्या, "वाटेची का नाही लिहिली?"

घरी आल्यावर गाडीतून उतरताना त्या म्हणाल्या, "छोरी, वाट बदल. मला आधी गॅलिपोलीला पाठव. आजोबांना घेते आणि मग घरी जाते."

माझं डोकंच फिरलं. ड्राइव्हवेवर उभी राहून भांडले मी त्यांच्याशी. "शंभर वर्षांत तिथून कुणाला वाट सांगता आली नाही, आणि मी सांगू? सरळ वाट पाठ झालीये, गुपचूप घरी जा ना! एक नाव गळलं माझ्याकडून, तर तुम्हीही तिथेच अडकाल!"

"मग आजोबा एकटे तरी राहणार नाहीत."

"आणि मी? मी इथे बसून रोज बुटांच्या जोडीला तुमच्या जँडल्सचा आवाज ऐकू?"

त्या हसल्या. "एवढी चिडलीस म्हणजे करशील."

केलं. न करून सांगते कुणाला? इथली पोरं पहिल्या महायुद्धाला गेली त्या बोटींची वाट शोधून काढली आणि तीच धरली. पापाकुरा, पुकेकोहे, हॅमिल्टन, तौमारुनुई, ताइहापे, पामर्स्टन नॉर्थ, वेलिंग्टन. तिथून होबार्ट, ऑल्बनी, कोलंबो, एडन, सुएझ, अलेक्झांड्रिया, लेमनोस. परतीला सुएझवरून मुंबई आणि गोरखपूर. आमा डोळे मिटून ऐकायच्या, एकेका नावाला मान डोलवायच्या. त्या हिवाळ्यात त्या खूप वाळल्या. चहाचा कप उचलवेना, तरी "पुढे? एडननंतर पुढे?" चालूच.

ऑगस्टमध्ये एका सकाळी दिल कुंपणापाशी आला. दाढी वाढलेली, पायात चप्पल नाही. "दीदी, आमा गेली झोपेत," म्हणाला. मग खाली बघून, हिंदीत, "तुम्ही येता का? मला काहीच येत नाही."

आमांना हॉलमध्ये ठेवलं होतं, पांढऱ्या वस्त्रात. स्टुलावर फोन, फोनमध्ये पच्यूंचा सुरकुतलेला चेहरा, त्यांच्यामागे लमजुंगचा डोंगर. ते गावाच्या वेशीवर येऊन बसले होते. मी आमांच्या उशाशी बसले. दिवसाला चाळीस ट्रक हाकणारी बाई मी, आणि 'फ्लॅट बुश' एवढे दोन शब्द फुटेनात. दिलने पाणी दिलं. मग सुरू केलं.

"आमा, घरातून बाहेर पडा. टे इरिरंगी ड्राइव्ह. मानुकाऊ. घाई करू नका." पापाकुरा आलं, हॅमिल्टन आलं. वेलिंग्टनला समुद्र लागला, तरी एकही नाव गळलं नाही. एडन, सुएझ, अलेक्झांड्रिया. लेमनोस. मग गॅलिपोलीची ती दरी, मग तो चढ, चुनुक बेअर डोंगराच्या शेजारची ती टेकडी, जिथे गुरखे चढले होते. तिथे मी थांबले. तिथे काय म्हणायचं हे आमांनी मला कधी सांगितलंच नव्हतं. जे सुचलं ते बोलले.

"नरधन आजोबा, तुम्हाला मुलगा झाला होता. ही त्याची मुलगी, मनसरा. तुम्हाला न्यायला आलीये. उठा, घरी जायचंय."

खोलीत काहीही झालं नाही, हे स्पष्ट सांगते. वारा आला नाही, दार वाजलं नाही. फक्त माझं मलाच कळलं, की आता सावकाश सांगायला हवं, कारण चालणाऱ्यांत एक म्हातारी आहे आणि एकजण फार दमलेला आहे. "चला दोघं," म्हटलं, आणि उतार धरला.

मुंबईपासून भुसावळपर्यंत मला कुणी शिकवायची गरज नव्हती. कल्याण, इगतपुरी, नाशिक, मनमाड. रडत होते आणि सांगत होते. इटारसी, झाशी, कानपूर, लखनौ, गोरखपूर. बुटवल. तानसेन. पोखरा. मग आमांचे ओढे, एकेक, चापटीसकट आठवत. शेवटी वेस आली आणि माझ्याकडची नावं संपली.

फोनमधून पच्यूंनी विचारलं, "किती जण आलेत?"

नेपाळी मला एवढी कळते. पण उत्तर देता येईना. मी हजर नसलेल्या माणसाची हजेरी कशी लावू? आणि नाही म्हटलं, तर? आमा कशासाठी गेल्या मग एवढ्या लांब?

दिल माझ्या शेजारी गुडघ्यांवर बसला. आईच्या पायांवर हात ठेवला आणि त्यांच्या भाषेत, अडखळत, म्हणाला, "दोघं. आई आहे, आणि तिचे आजोबा आहेत."

पच्यूंनी मान हलवली, आणि रीतीप्रमाणे आधी थोरल्याला आत घेतलं.